चिमूटविद्येची कागदपत्रं : दोन कॉपीराइट, एक आयएसबीएन आणि दहा महिने

शेवटचं पाकीट काल, सोमवारी, पोस्टात टाकलं आणि आज लगेच लिहायला बसलेय, कारण अजून आठवडा गेला की तारखा विसरणार आणि मग या लिहिण्याचा कुणाला काही उपयोग नाही. मी सुरुवात केली तेव्हा मराठीत असं कुणीतरी लिहिलेलं हवं होतं, खूप शोधलं, मिळालं नाही.

आधी कशाची कागदपत्रं ते सांगते. मी मुलांसाठी एक कादंबरी लिहिलीय. तिच्यात एक विद्या आहे, चिमूटविद्या, पूर्ण माझ्या डोक्यातून आलेली. अंगणात ठिपके द्यायचे, रेघेने जोडायचे, शेवटची रेघ पहिल्या ठिपक्याला येऊन मिळाली की काढलेली वस्तू खरीखुरी समोर येते. फणी काढली तर फणी, करंडा काढला तर करंडा. दिवेलागणीच्या आत आकृती झाडून काढायची, ती झाडली की वस्तू परत रांगोळीची पूड होते. हे सगळं आलं आमच्या आजीच्या चैत्रांगणातून. ती गौरी तृतीयेपासून अक्षय तृतीयेपर्यंत रोज सकाळी दारात चैत्रांगण काढायची, मधे पाळण्यात गौर आणि भोवती सूर्य, चंद्र, शंख, चक्र, गोपद्मं, फणी, करंडा, आरसा, हत्ती, कासव, आणि मी शेजारी उकिडवी बसून बघायचे. गौर महिनाभर माहेरी आलीय, तिला लागणारं सामान नको का काढायला, असं ती म्हणायची. लहानपणी मला खरंच वाटायचं की आपण झोपलो की गौर त्या फणीने केस विंचरते.

विद्येचे नियम करायला मला दोन वर्षं लागली. एक ठिपका म्हणजे एक गुंज वजन, हा पहिला नियम. आठ गुंजांचा मासा, बारा माशांचा तोळा, म्हणजे तोळ्याला ९६ ठिपके. आता ठिपक्यांची रांगोळी काढणाऱ्यांना माहितीय की '१५ ते ८' म्हणजे मधली ओळ १५ ठिपक्यांची आणि दोन्हीकडे एकेक कमी करत ८ पर्यंत. एका रात्री मी ते ठिपके मोजले, १६९ भरले. आणि साधी उभी आडवी १३ ठिपके १३ ओळी घेतली तरी १६९च! एकाच वजनाच्या दोन मांडण्या, एक सहा बाजूंची, एक चौकोनी. शिवाय १६८ गुंजा म्हणजे बरोबर पावणेदोन तोळे, वर उरतो तो एक मधला ठिपका. कादंबरीत तो ठिपका गौरीचा आहे, त्याला रेघ लागत नाही. असं दोन्ही मांडण्यांत सारखं भरणारं पुढचं गणित शोधत गेले तर ते एकदम ३२,७६१ वर निघालं, म्हणजे १८१ ठिपके १८१ ओळी किंवा २०९ ते १०५. गुंजांचे किलो केले तर साधारण चार किलो होतात. एवढ्यात हलका लाकडी पाळणा होतो. कादंबरीचा शेवट मला त्या रात्री सापडला.

हे इतकं सविस्तर यासाठी सांगतेय की पुढे जे झालं ते याच्याशीच जोडलेलं आहे. मला ही विद्या रजिस्टर करायची होती. कादंबरी होतीच, पण जीव अडकला होता तो विद्येत.

फेब्रुवारी २०२३ मध्ये लिहून संपलं. गौरी तृतीयेला, २४ मार्चला, नियमांतले थोडे भाग नात्यातल्या मुलांना वाचून दाखवले, आकृत्या काढून दाखवल्या, मुलं दोन तास हलली नाहीत. तिथे आलेल्या एका पाहुण्यांनी जाताना सांगितलं, आधी रजिस्टर करून घ्या, नाहीतर कोणीतरी गेम काढेल आणि तुम्ही बघत राहाल. झालं, त्या दिवसापासून झोप उडाली. कुणी सांगितलं हस्तलिखित स्वतःलाच रजिस्टर पोस्टाने पाठवून पाकीट न फोडता ठेव, कुणी म्हणालं नोटरी कर, कुणी म्हणालं पेटंट घे.

एप्रिलमध्ये एका एजंटकडे गेले. त्यांनी 'मॅजिक सिस्टीमचं पेटंट' करून देतो म्हणून १२,००० रुपये सांगितले, पैकी पाच हजार आगाऊ. मी देणारच होते, फक्त त्या दिवशी खात्यात तेवढे नव्हते म्हणून दोन दिवसांनी येते म्हणाले. घरी आल्यावर नाशिकला वकिली करणाऱ्या चुलत बहिणीला फोन केला.

ताई आधी सगळं ऐकून घेते, मग बोलते. म्हणाली, "पेटंटचं डोक्यातून काढ. पेटंट कायद्याचं तिसरं कलम उघड, त्यात काय काय पेटंट होत नाही त्याची यादीच आहे. साहित्य, कलाकृती नाही, नुसता नियम किंवा पद्धत नाही, खेळ खेळायची रीत नाही."

मी म्हटलं, "मग कॉपीराइट?"

"अगं, कॉपीराइट तुला आहेच. लिहिलंस त्या क्षणी मिळाला. रजिस्ट्रेशन सक्तीचं नाही, पण करून ठेव, उद्या वाद झाला तर रजिस्टरमधली नोंद कोर्टात प्रथमदर्शनी पुरावा म्हणून चालते. फक्त एक समजून घे. विद्या नाही रजिस्टर होत. तू लिहिलेलं रजिस्टर होतं, तू काढलेलं रजिस्टर होतं."

"म्हणजे एक ठिपका एक गुंज हे उद्या दुसऱ्या कुणी वापरलं तर?"

"वापरू शकतो. त्याच्या शब्दांत, त्याच्या गोष्टीत. तुझी वाक्यं उचलली, तुझी आकृती उचलली, तर मला फोन कर."

फोन ठेवला आणि मी रडले. दोन वर्षं जे जिवापाड जपलं त्याला कायद्यात जागाच नाही असं वाटलं. ताईने नंतर एक निकाल वाचायला पाठवला, सुप्रीम कोर्टाचा, १९७८ चा, आर. जी. आनंद विरुद्ध डिलक्स फिल्म्स. एका नाटककाराचं म्हणणं होतं की आपलं नाटक उचलून सिनेमा केला. कोर्टाने सांगितलं की कल्पना, विषय, कथाबीज यांना कॉपीराइट नसतो, ती कल्पना ज्या रूपात मांडली त्या रूपाला असतो. जमलं तर मूळ निकाल वाचा, वाटतो तेवढा अवघड नाही. मला तो तीनदा वाचावा लागला, पण तिसऱ्यांदा वाचताना लक्षात आलं की कल्पनेला कुलूप असतं तर आजीच्या चैत्रांगणातून मलाही काही घेता आलं नसतं.

मेचा पूर्ण महिना तयारीत गेला. एका अर्जात एकच कृती चालते, म्हणून दोन अर्ज करायचे ठरलं. कादंबरीचा मजकूर, नियमांच्या २२ पानी परिशिष्टासकट, साहित्य म्हणून, आणि आकृत्यांचा पट कलाकृती म्हणून. दोन्हींची फी प्रत्येकी ५०० रुपये. आकृती एखाद्या मालावर वापरायची असेल किंवा वापरण्यासारखी असेल तर फी २,००० होते आणि ट्रेडमार्क रजिस्ट्रारचं सर्टिफिकेटही लागतं. इथे मी अडले, कारण एका दुकानदारांनी या आकृत्यांचे रांगोळीचे छापे काढू म्हणून विचारलं होतं. ताईने सांगितलं की छापे काढणार असशील तर आधी डिझाइन कायदा बघ, डिझाइन म्हणून रजिस्टर होण्यासारखी गोष्ट तशी न करता मशिनवर पन्नासच्या वर प्रती काढल्या तर त्या डिझाइनवरचा कॉपीराइट जातो. पन्नास छापे तर एका दिवाळीत जातील! मी दुकानदारांना नम्रपणे नाही म्हणून कळवलं. आपल्या आकृतीतून काहीही विकायचा विचार असेल तर हे आधी विचारून घ्या, अर्ज केल्यानंतर नाही.

दुसरा प्रश्न जास्त अवघड होता. माझ्या पटात एकूण ४१ आकृत्या होत्या आणि त्यातल्या २३ सरळसरळ पारंपरिक. गोपद्म माझं कसं? लक्ष्मीची पावलं माझी कशी? फॉर्मसोबतच्या दुसऱ्या निवेदनात स्पष्ट विचारलेलं असतं की कृती स्वतंत्र आहे, की भाषांतर आहे, की रूपांतर आहे. तिथे खोटं लिहायचं नव्हतं. रात्री ४१ कागद जमिनीवर पसरून बसले आणि ज्याच्या बाबतीत 'हे आजी काढायची' असं आठवलं तो कागद डावीकडे ठेवत गेले. उजवीकडे १८ उरले. फणी पारंपरिकच, पण १५ ते ८ मध्ये मधला ठिपका मोकळा सोडून एकाच अखंड रेघेत बसवलेली फणी माझी. हे १८ रजिस्टर केले. बाकीचे पुस्तकात आहेत, आणि ते परंपरेतले आहेत असं पुस्तकात लिहिलंय.

आता फॉर्मचं. सगळं ऑनलाइन होतं, कॉपीराइट ऑफिसच्या साइटवर, ऑफिस दिल्लीत द्वारकेला आहे पण मला जावं लागलं नाही. फॉर्म चौदा. त्याच्यासोबत दोन निवेदनं, एक सगळ्या कृतींसाठी आणि दुसरं साहित्य, कला वगैरेंसाठी. आपण स्वतःच लेखक, स्वतःच अर्जदार असलो तर काम सोपं, दुसऱ्या कुणाकडून करून घेतलं तर वकालतनामा लागतो, कव्हरचं चित्र दुसऱ्याचं असेल तर त्याची ना हरकत. म्हणून मी पुस्तक छापायच्या आधीच, अप्रकाशित म्हणून, कव्हरशिवाय अर्ज केला. प्रकाशित झालेलं असतं आणि प्रकाशक वेगळा असता तर त्याचीही ना हरकत लागली असती.

कलाकृतीच्या अर्जात एक रकाना असा आहे की मूळ कृती कुठे आहे आणि कुणाच्या ताब्यात आहे, नाव, पत्ता, राष्ट्रीयत्व. तो वाचून मी थांबलेच. मूळ? मूळ तर मी गॅलरीतल्या शहाबादी फरशीवर गेरू सारवून काढलं होतं आणि संध्याकाळी झाडून टाकलं होतं. मोबाइलमधले फोटो होते, पण फोटो थोडा जरी तिरका आला की ठिपक्यांच्या ओळी एकीकडे मिटत जातात, चौकोनाचा पतंग होतो, आणि या विद्येत मोजमापच सगळं आहे. मग सगळ्या १८ परत काढल्या, या वेळी कागदावर. त्रिकोणी ठिपक्यांचा छापील कागद मिळतो, इंजिनिअरिंगची मुलं वापरतात तो, त्याचं पॅड १४० रुपयांना आणलं, आणि ०.५ चं काळं पेन. चौकोनी मांडणीसाठी साधा आलेख कागद.

एका आकृतीला पाऊण तास ते चार तास लागले. करंड्याचं सांगते. झाकणाची वर येणारी रेघ नवव्या ओळीत मधल्या ठिपक्याच्या अगदी जवळून जाते. रांगोळीत तिथे चिमूट जरा घट्ट धरली की पूड बारीक पडते आणि रेघ आपसूक वळते, अंगठा आणि तर्जनीत तो दाब कळतो. पेनाला तो दाब कळत नाही. सहा कागद फुकट गेले. सातव्यावर मनगट टेकवणं सोडलं, हात पूर्ण उचलून खांद्यातून रेघ ओढली, आजी ओढायची तशी, आणि ती बसली. रकान्यात लिहिलं, मूळ कृती अर्जदाराच्या घरी, अर्जदाराच्या ताब्यात, भारतीय. मग सगळ्या आकृत्या स्कॅन करून एकाच पटावर बसवल्या.

१२ जून २०२३ ला पहिला अर्ज गेला. सही पांढऱ्या कागदावर करून स्कॅन लागते, तयार ठेवा. कृती पीडीएफमध्ये द्यायची आणि फाइलच्या साइझला मर्यादा असते, माझी आकृत्यांसकटची फाइल तीनदा फिरवून लहान करावी लागली. पैसे भरले की डायरी नंबर येतो. तो तीन ठिकाणी लिहून ठेवा, पुढचं सगळं त्याच्यावर चालतं. दुसरा अर्ज १९ जूनला. दोन्ही मिळून १,००० रुपये, आणि अर्ज नामंजूर झाला तरी फी परत मिळत नाही.

त्यानंतर ३० दिवस सक्तीचे थांबायचे असतात, कुणाची हरकत येते का ते बघायला. ते दिवस वाईट गेले, खोटं कशाला सांगू. रोज सकाळी चहाच्या आधी स्टेटस बघायचे. कोण घेणार होतं हरकत? तरी धाकधूक. १२ जुलै उलटला आणि हरकत आलेली नाही म्हटल्यावर घरात शिरा केला. पण ३० दिवस झाले म्हणजे काम झालं नव्हे, त्यानंतर अर्ज तपासायला जातो आणि तिथे आपला नंबर येईपर्यंत वाट बघावी लागते. मला वाटलं होतं ऑगस्टमध्ये होईल.

५ सप्टेंबरला ईमेल आला, त्रुटीपत्र. पोटात गोळा आला. उघडून बघते तर चूक माझीच. फॉर्ममध्ये शीर्षक 'चिमूटविद्या' लिहिलं होतं आणि पीडीएफच्या पहिल्या पानावर जुना मथळा राहिला होता, 'चिमूट'. उत्तराला ३० दिवस होते. घाबरून त्याच रात्री काहीतरी पाठवणार होते, ताई म्हणाली थांब, मुद्द्याला मुद्दा लिही, दोन ओळींत लिही, दुरुस्त फाइल जोड. १४ तारखेला पाठवलं. अर्ज करण्यापूर्वी फॉर्मवरचं शीर्षक आणि फाइलमधलं शीर्षक अक्षर न् अक्षर जुळतंय का ते दुसऱ्या कुणाला तरी वाचायला लावा. आपल्या डोळ्यांना आपली चूक दिसत नाही. माझ्या नवऱ्याने ती दोन सेकंदांत दाखवली.

कादंबरीचं रजिस्ट्रेशन २२ नोव्हेंबरला झालं, आकृत्यांचं १८ जानेवारी २०२४ ला. साहित्याचा नंबर एल ने सुरू होतो, कलाकृतीचा ए ने. नोंद झाल्यावर रजिस्टरचा जो उतारा मिळतो त्यावर सगळं सरकारी इंग्रजी आणि मधेच माझं नाव आणि 'भाषा : मराठी'. तो कागद मी आजीच्या फोटोजवळ ठेवला. आपण गेल्यानंतरही साठ वर्षं हक्क राहतो, म्हणजे माझ्या नातवंडांपर्यंत, हे कळल्यावर मन भरून आलं.

मधल्या काळात डिसेंबरमध्ये आयएसबीएनसाठी, म्हणजे पुस्तकाच्या आंतरराष्ट्रीय ओळख क्रमांकासाठी, अर्ज केला. हे मात्र फुकट असतं, राजा राममोहन रॉय राष्ट्रीय आयएसबीएन एजन्सीकडून, शिक्षण मंत्रालयाच्या अखत्यारीत. स्वतः पुस्तक काढणाऱ्यांना तिथे नोंदणी करता येते. ओळखपत्र, पत्त्याचा पुरावा, पत्र, शीर्षकाचं पान. कुणी आयएसबीएन विकत देतो म्हणालं तर आधी हे लक्षात ठेवा. मला साधारण पाच आठवडे लागले. आणि एक, कॉपीराइट आणि आयएसबीएन यांचा एकमेकांशी काही संबंध नाही, मला आधी वाटायचं की एक असलं की दुसरं मिळतंच.

मार्चमध्ये छपाई, १६० पानं, ३०० प्रती, प्रतीला ९२ रुपये, म्हणजे २७,६००. प्रेसवाल्या काकांना एकच विनंती केली होती की आकृत्यांची पानं शंभर टक्के साइझला छापा, 'फिट टू पेज' करू नका. पहिल्या प्रुफात नेमकं तसंच झालं होतं, पट्टी लावून दाखवलं, त्यांनी न कुरकुरता बदललं. ४ एप्रिलला गठ्ठे घरी आले.

पुस्तक निघाल्यावर ३० दिवसांच्या आत प्रती ग्रंथालयांना पाठवायच्या असतात, १९५४ चा कायदा आहे, आपल्या खर्चाने. कोलकात्याची नॅशनल लायब्ररी, चेन्नईची कोनेमारा, मुंबईत टाउन हॉलमधली सेंट्रल लायब्ररी आणि दिल्ली पब्लिक लायब्ररी. स्वतः पुस्तक काढणाऱ्या कित्येकांना हे माहीतच नसतं. पण पाठवा, आपलं पुस्तक तिथे कायमचं राहतं. तीन पाकिटं आधीच गेली होती, कोलकात्याचं काल गेलं. चारही पाकिटांच्या पोस्टाच्या पावत्या फाइलला लावल्यात.

११ एप्रिलला, गौरी तृतीयेला, दारात चैत्रांगण काढलं. शेजारची सातवीतली मुलगी पुस्तक वाचून आली होती. तिने १३ ठिपके १३ ओळींत स्वतःची एक आकृती काढून आणली, छत्री, आणि मधला ठिपका मोकळा सोडला होता. म्हणाली, "काकू, छत्री पावणेदोन तोळ्यांत कशी होईल, म्हणून मी तिला बाहुलीची केली." मी तिला म्हटलं खाली तारीख टाक आणि तुझं नाव लिही.

माझं एक काम राहिलंय. रजिस्ट्रेशन अप्रकाशित म्हणून झालं होतं, आता पुस्तक प्रकाशित झालं, तो बदल रजिस्टरमध्ये नोंदवायला फॉर्म पंधरा भरायचा आहे. पुढच्या आठवड्यात बसणार आहे. एजंटचे १२,००० वाचले, रजिस्ट्रेशनचा एकूण खर्च फी, कागद, पेन, स्कॅनिंग धरून १,६०० च्या आत झाला. कुणाला निवेदनातला एखादा रकाना अडला तर विचारा, माझ्याकडे दोन्ही अर्जांच्या प्रती आहेत, बघून सांगते.